तुम्ही विचारलंत म्हणून: प्लेगच्या वेळचा गोरा आणि त्याची बॅगपाइप

"प्लेगच्या वेळी मुंबईत आलेल्या गोऱ्या सोल्जरचं कसलं एवढं कौतुक?" इतक्या जणांनी विचारून झालंय की एकदाच काय ते लिहून टाकतो.

माणूस म्हणजे डॅनियल लेडलॉ, स्कॉटलंडमधल्या बर्विकशायरचा. 1896 ला डरहॅम लाइट इन्फंट्रीत भरती, मग इंडियात पोस्टिंग, आणि 1898 च्या मुंबईतल्या प्लेगच्या कामाबद्दल सर्टिफिकेट. घरझडत्या, पुण्यातले रँड आणि चापेकर, मुंबईतली मार्च 1898 ची दंगल हे तुम्हाला मी सांगायला नको. गोरे बूट घालून थेट देवघरात शिरले ही आमच्या पणजीची गोष्ट मीही ऐकतच मोठा झालोय, तेव्हा मला इतिहास शिकवू नका प्लीज.

मी बोलतो ते 25 सप्टेंबर 1915 च्या सकाळबद्दल. तोवर हा चाळिशीचा गडी झालेला, नोकरी संपवून घरी गेलेला आणि पहिलं महायुद्ध लागल्यावर आपणहून परत आलेला, किंग्ज ओन स्कॉटिश बॉर्डरर्स ह्या पलटणीच्या सातव्या बटालियनचा पायपर, म्हणजे बॅगपाइप वाजवणारा. जागा फ्रान्समधलं लूस. ब्रिटिशांनी पहिल्यांदाच क्लोरीन सोडला आणि वाऱ्याने दगा दिला, गॅस काही ठिकाणी त्यांच्याच खंदकांत परत आला. पोरं खोकतायत, गुदमरतायत, हल्ल्याची वेळ झालीय आणि पाय उचलत नाहीयेत. तेव्हाचा मास्क म्हणजे डोक्यावरून ओढायची, औषधात भिजवलेली फ्लॅनेलची पिशवी, ती घालून पाइप वाजत नाही. त्यात बॅगपाइपची बॅग फुगलेली ठेवायची तर छाती भरभरून श्वास घ्यावा लागतो, म्हणजे सगळे श्वास आखडून बसलेले असताना ह्या एकट्याने मास्क काढून दम भरायचा! त्याने भरला, खंदकाच्या काठावर चढला आणि गोळ्यांसमोर येरझारा घालत 'ब्लू बॉनेट्स ओव्हर द बॉर्डर' वाजवायला लागला. कंपनी उठली, धावली. हाही मागोमाग, पायाला लागलं तरी लंगडत वाजवतोच आहे. व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे ब्रिटिशांचं शौर्याचं सगळ्यात मोठं पदक, मिळालं ह्याला.

पूर्वी मी इथेच गोष्ट संपवायचो. मग एक मित्र म्हणाला, अरे, त्याने वाचवलं कुणाला, उठवून मरायलाच पाठवलं ना? मी भांडलो, की तिथेच बसले असते तर गॅसने गेले असते. अजूनही भांडतो, फक्त आवाज जरा खाली असतो, कारण धावलेल्यांपैकी कितीतरी परत आलेच नाहीत.

काका म्हणतात देवघरात शिरणं आणि काठावर चढणं, दोन्ही एकाच फौजेची शिस्त. मला नाही पटत. हुकमाने दुसऱ्याच्या घरात घुसता येतं, हुकमाने क्लोरीन छातीत ओढता येतो का? काका म्हणतात, येतो. राहिलंय ते तिथेच.

आणि साम्राज्याचा लाडका वगैरे म्हणत असाल तर, युद्धानंतर ह्याला काम मिळताना मारामार होती. 1950 ला गेला, आणि कबरीवर दगड बसला 2002 ला.

"मग आपल्या बाजूचं कुणी सापडलं नाही का?" सापडलं की. त्याच दिवशी, त्याच आघाडीवर, गुरखा पलटणीतला कुलबीर थापा. स्वतः जखमी, तरी जर्मन खंदकामागे पडलेल्या एका ब्रिटिश शिपायाजवळ दिवसरात्र थांबला, मग त्याला आणि दोन जखमी गुरख्यांना बाहेर काढलं. त्यालाही व्हिक्टोरिया क्रॉसच. त्याच्याबद्दलही मी तितकंच बोलतो, पण त्यावर मला कुणी प्रश्न विचारत नाही.