ब्रेडाची किल्ली

दारात उभे राहून पिशवीच्या तळाशी घराची किल्ली चाचपताना हल्ली मला एका फार दूरच्या किल्लीची आठवण होते. ती माद्रिदच्या प्रादो संग्रहालयातल्या एका भल्यामोठ्या चित्रात आहे. स्पॅनिश सैन्याने १६२४ मध्ये नेदरलँड्समधल्या ब्रेडा शहराला वेढा घातला, नऊ महिन्यांहून अधिक काळ तो चालला आणि १६२५ च्या जूनमध्ये शहर शरण आले. पुढे दहाएक वर्षांनी स्पॅनिश चित्रकार वेलाझ्केझने तो प्रसंग रंगवला. हरलेला डच सेनापती किल्ली पुढे करतो आहे, जिंकलेला स्पिनोला त्याच्या खांद्यावर हात ठेवतो आहे, आणि उजवीकडे भाल्यांचे रान ताठ उभे आहे. मराठीत किल्ला आणि किल्ली यांत फक्त शेवटच्या स्वराचा फरक. ब्रेडात मात्र त्या दोहोंच्या मध्ये अख्खा हिवाळा गेला.

त्या हिवाळ्यात भाले धरणारे काय खात होते, हा प्रश्न मला चित्र पाहताना कधी पडला नव्हता. तो पडला स्पॅनिश लेखक आर्तुरो पेरेझ-रेव्हेर्ते यांच्या याच वेढ्यावरच्या १९९८ च्या कादंबरीमुळे. ऐतिहासिक कादंबरी म्हटली की आपल्या कानांत आधी नौबती झडू लागतात. इथे मात्र चिखल आहे, खंदक आहेत आणि थकलेला पगार आहे. तो मिळत नाही म्हणून शिपाई चक्क बंड करतात. हे सारे सांगतो इन्यिगो नावाचा पोरगा, कॅप्टन आलात्रिस्तेच्या मागे सामान वाहत हिंडणारा. आपला कॅप्टन वेलाझ्केझच्या चित्रात आहे, असे तो ठासून सांगतो, आणि पुस्तकाच्या शेवटी त्याविषयी प्रकाशकाची अगदी गंभीर चेहऱ्याची टीपही येते. कॅप्टन सर्वस्वी काल्पनिक आहे हे ठाऊक असूनही मी भिंग घेऊन छापील चित्रावर बराच वेळ वाकून बसलो होतो, हे इथे कबूल केलेले बरे.

पेरेझ-रेव्हेर्ते १९७३ ते १९९४ अशी एकवीस वर्षे युद्धवार्ताहर होते. लेबनॉन, एरिट्रिया, बोस्निया त्यांनी जवळून पाहिले. म्हणून १८०५ ची ट्रफाल्गरची लढाई असो वा १९३८ ची एब्रो नदीकाठची, त्यांच्या पानांवर नकाशावरचे बाण क्वचित दिसतात आणि तहानलेली माणसे वारंवार. कॅप्टनचे करारी मौन कधीकधी अंमळ अति होते आणि तलवारी गरजेपेक्षा जास्त खणखणतात, हेही खरे. पण पगाराचा हिशेब ते विसरत नाहीत.

भिंगातून कॅप्टन काही सापडला नाही. सापडले ते किल्लीकडे ढुंकूनही न पाहणारे दोन-तीन चेहरे. ते चित्राबाहेर, थेट माझ्याकडे पाहत होते, आणि मागची थकबाकी कधी मिळणार एवढेच त्यांना विचारायचे असावे.