शिक्का नसलेला नारळ

सहल व्यवस्थापक म्हणून सेशल्सला जाण्याची ती माझी तिसरी खेप होती आणि प्रालँ बेटावरच्या 'व्हॅली द मे' या जंगलात काय सांगायचे, हे मला एव्हाना पाठ झाले होते. दर्याच्या नारळाची झाडे निसर्गतः प्रालँ आणि शेजारचे क्युरिअझ या दोनच बेटांवर वाढतात, नर-मादी झाडे वेगळी असतात, फळ पिकायला सहा-सात वर्षे लागतात आणि वनस्पतिसृष्टीतले सर्वांत मोठे बी हेच, इतके सांगून झाले की मंडळी त्या बीच्या आकारावरून व्हायचे ते विनोद उरकून घेतात.

त्या दिवशी मात्र आमच्या गटातले रत्नागिरीचे एक काका तिथे ठेवलेल्या सोललेल्या नारळावर हात फिरवत बराच वेळ उभे राहिले. डोक्यावर ती प्रचंड, ताठ पाने वाऱ्याने एकमेकांवर आपटून पत्र्यासारखी वाजत होती.

"ताई, आमच्याकडे आजोबांचा कमंडलू होता, तो याचाच हो," ते म्हणाले.

काकांचे खरे होते. १७६८ साली फ्रेंचांना प्रालँवर ही झाडे सापडेपर्यंत, मालदीवच्या आणि आपल्या किनाऱ्यांना लागणारी ही करवंटी समुद्राच्या तळाशी वाढणाऱ्या झाडाची असावी असा समज होता. शास्त्रीय नावात आजही मालदीवच आहे. खरे तर ताजे, रुजण्याजोगे फळ जड असल्याने पाण्यात बुडते आणि आतला गर कुजून गेल्यावरच करवंटी तरंगते, म्हणजे आपल्याकडे वाहत आले ते सारे नारळ मेलेले होते. एवढे सगळे मी काकांना सांगितले आणि जे सांगणे माझ्या कामाचा भाग होते, तेच राहून गेले.

दोन दिवसांनी सेशल्सच्या मुख्य बेटावर, माहेच्या विमानतळावर, काकांची बॅग उघडायला लावली, तेव्हा टॉवेलात गुंडाळलेला नारळ निघाला. अधिकाऱ्याने तो उलटासुलटा करून क्रमांकाचा शिक्का शोधला, मग निर्यातीचा परवाना मागितला. दोन्ही नव्हते. गरासाठी होणाऱ्या चोऱ्यांमुळे तिथे हा नियम कडक आहे, आणि काकांनी तर तो रस्त्यात भेटलेल्या कुणाकडून निम्म्या किमतीत घेतलेला. आजोबांचा कमंडलू वाटणीत धाकट्या भावाकडे गेला होता, हे त्यांनी मला तिथे, रांगेत उभे असताना सांगितले. मी अधिकाऱ्याची क्षमा मागितली, चूक माझी आहे असेही म्हटले, पण नारळ गेला तो गेलाच.

विमानात बसल्यावर काकांनी विचारले, "आता ते तो परत जंगलात लावतील का हो?"

"नाही काका, विकण्याआधीच आतला गर काढून टाकलेला असतो."

"म्हणजे आमच्या कमंडलूसारखाच पोकळ," ते म्हणाले आणि मांडीवरच्या टॉवेलाची घडी घालू लागले.