तेरा सेकंद फक्त

परवा दुपारी नणंदेने सासरच्या ग्रुपवर भरताचा फोटो टाकला, मोठ्ठं पातेलं, वरून कांद्याची पात. मी बहिणीला लिहायला गेले की बाई भरीत आहे का तेलाचा तलाव, आणि गेलं ते थेट ग्रुपवरच! लगेच डिलीट केलं म्हणा, पण "हा मेसेज डिलीट केला आहे" ही पाटी त्या तेलापेक्षा जास्त चमकते. पाच मिनिटांत तीन फोन. काय लिहिलं होतं गं?

तेव्हा मला ओमेगा-13 आठवलं. 1999 च्या 'गॅलेक्सी क्वेस्ट' नावाच्या इंग्रजी पिक्चरमधलं यंत्र आहे ते. त्याने नक्की काय होतं हे पिक्चरमध्येही बराच वेळ कोणाला माहीत नसतं, कोणी म्हणतं सगळं विश्व खलास होईल आणि कोणी म्हणतं वेळ मागे जाईल. शेवटी जाते ती मागेच, फक्त तेरा सेकंद.

मला हे यंत्र एवढं आवडतं ना. बाकीच्या सगळ्या टाइम मशीनवाल्यांना लांबच जायचं असतं. 'द टाइम मशीन' कादंबरी लिहिणाऱ्या एच. जी. वेल्ससाहेबांनी 1895 सालीच आपल्या माणसाला पार 802701 सालात नेऊन सोडलंय. एवढ्या लांब जाऊन करायचं काय, तिथे भरीत तरी मिळतं का? आपल्यासारख्या माणसाच्या चुका असतात पाच-दहा सेकंदांच्या. तोंडातून शब्द गेला, हातातून कप सुटला, दूध उतू गेलं, तेरा सेकंदात सगळं बसतं की.

लहानपणी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आजीकडे मोठी काकू मांडे करायची. चुलीवर पालथं खापर, आणि काकू दोन्ही हातांवर मांडा फिरवत फिरवत पार कोपरापर्यंत मोठा करायची, एवढा पातळ की पलीकडची चूल दिसेल. तो खापरावर टाकायच्या ऐन वेळेला मी झोक्यावरून पळत आले आणि धडकले तिच्या कमरेला. मांडा अर्धा खापरावर अन अर्धा राखेत, पुरणासकट. सगळं घर गप्प. कोणी मारलं नाही, ओरडलं पण नाही, फक्त आजी म्हणाली, "तुनं ध्यान कथं शे वं पोर?" ते मला अजून ऐकू येतं. आणि काकूने राखेतला तुकडा उचलून बाजूला ठेवला, दुसरी लाटी घेतली. झोक्यापासून चुलीपर्यंत तेरा सेकंद पण नसतील लागले.

आमच्या चाळीसगावच्या शाळांची सहल ठरलेली असायची, पाटणादेवी. गौताळ्याचं जंगल, माकडं, एसटीत अंताक्षरी. तिथल्या शके 1128 च्या शिलालेखात आहे की भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला. ते आम्हाला काही कळलं नाही, पण सरांनी भास्कराचार्यांच्या मुलीची, लीलावतीची गोष्ट सांगितली ती मात्र कळली. पाण्यावर घटिकापात्र तरंगतंय, तळाला बारीक भोक, चोवीस मिनिटांत भरून बुडणार आणि बुडालं की लग्न. पोरगी डोकावून बघायला वाकली आणि अंगावरच्या दागिन्यातला मोती टप्पकन आत, नेमका भोकावर. पात्र काही बुडेना, मुहूर्त निघून गेला. ही दंतकथाच, अकबराच्या दरबारातल्या फैजीने भास्कराचार्यांच्या 'लीलावती' ग्रंथाचं फारसी भाषांतर केलं त्यातून आलेली, पण मी त्या दिवशी डब्यातली दशमी तशीच हातात धरून बसले होते. म्हणलं, वेळ मोजायचं यंत्र, आणि अडवलं कोणी तर एका मोत्याने!

बरं, तिला ओमेगा-13 दिलं असतं तरी उपयोग शून्य. मोती पडलेला कोणाला दिसलाच नव्हता ना. लक्षात आलं तोवर मुहूर्त टळलेला, मग तेरा सेकंद मागे जाऊन करणार काय. व्हॉट्सअ‍ॅपचं बरंय, तिथे लगेच कळतं. (नणंदेला अजून शंका आहे. पुढच्या भरताला बोलावते का बघू.)

माझं लग्न झालं आणि पहिल्यांदा माहेराहून परत निघाले तेव्हा आप्पा चाळीसगाव स्टेशनवर सोडायला आले होते. गाडी सुटली, ते खिडकीबरोबर चालत चालत काहीतरी बोलले, वर स्पीकरवर अनाउन्समेंट चालू, मला एक अक्षर ऐकू आलं नाही. मी मान हलवली, हो हो म्हणलं. पोचल्यावर फोन करू आणि विचारू असं ठरवलेलं, मग राहिलं. वर्षंच गेली.

मागच्या महिन्यात गेले होते तेव्हा विचारलं शेवटी. आप्पा, तेव्हा स्टेशनवर गाडी सुटताना तुम्ही काय म्हणाले होते? आप्पांना आता कमी ऐकू येतं. कानामागे हात धरून म्हणाले, "काय?"