बंद पाकीट

फॅमिली कोर्टात आमच्या पक्षकार बाईंच्या नवऱ्याची उलटतपासणी होती त्या दिवशी. आम्ही अर्जदार, म्हणजे डिव्होर्स बायकोला हवा होता, क्रूरता आणि परित्याग (म्हणजे जोडीदाराला टाकून देणं) दोन्ही ग्राउंडवर. समोरच्यांचं म्हणणं एकच, घर सोडून ती गेली मग आम्ही टाकलं कसं? ऐकायला बरोबरच वाटतं ना. पण कोर्ट फक्त उंबरा कोणी ओलांडला ते बघत नाही. १९५६ च्या बिपिनचंद्र शाह केसपासून सुप्रीम कोर्ट सांगतंय की नुसतं वेगळं राहणं पुरत नाही, संसार कायमचा मोडायचा इरादा पाहिजे, आणि राहणं अशक्य करून एखाद्याला बाहेर पडायला लावलं तर टाकणारा तो, बाहेर पडणारा नाही. फक्त हे सिद्ध करायचं ओझं आपल्यावर. आणि परित्यागाची दोन वर्षं सलग, तीही पिटीशन दाखल करायच्या आधी पूर्ण झालेली हवीत, केस चालू असताना भरलेली धरत नाहीत.

क्रूरतेची बाजू तशी थोडी लंगडी होती. बाई पहिल्यांदा आल्या तेव्हा "मॅडम, खूप मानसिक छळ केला हो" एवढंच सांगायच्या, आणि या वाक्यावर कुठलंच कोर्ट डिव्होर्स देत नाही. कधी, कुठे, कोणासमोर, काय शब्द, हे खोदून काढायला चार बैठका गेल्या. त्यात नवऱ्याच्या वकिलांनी एका लग्नातला दोघांचा हसरा फोटो दाखल केला, म्हणजे झालं गेलं माफ केलंत असं दाखवायला. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २३ मध्ये ते आहेच, क्रूरता माफ केली असेल तर त्यावर डिव्होर्स नाही. पुण्याच्या दास्तानेंची केस आठवा, १९७५ ची, तिथे बायकोची क्रूरता कोर्टाने मान्य केली पण नंतर दोघं नांदले म्हणून नवरा हरला! (त्याच निकालात हेही ठरलं की फौजदारीसारखा संशयापलीकडचा पुरावा लागत नाही, शक्यतेचं पारडं जड झालं की पुरे. आम्ही त्यावरच जगतो.)

तर उलट. आधी साधेच प्रश्न घेतले, आणायला गेला होतात का, नाही, नोटीस पाठवली का, नाही, नांदायला येण्यासाठी कलम ९ चा अर्ज केला का, तर नवरेसाहेब तावात म्हणाले "मी का बोलवू, गेली ना स्वतःच्या पायाने?" त्यांच्या वकिलांनी मान खाली घातली. मग विचारलं, पत्नीने काही पत्र पाठवलं होतं का? "कधीच नाही."

बाईंनी रजिस्टर एडीने पाठवलेलं पाकीट परत आलं होतं आणि त्यांनी ते फोडलं नव्हतं, हे त्यांचं खरंच शहाणपण. वर पोस्टमनचा निळ्या पेनाचा शेरा, 'घेण्यास नकार', खाली तारीख आणि सही. समोरून लगेच हरकत, पोस्टमन तपासलेला नाही. पण पत्ता बरोबर, पैसे भरलेले, रजिस्टर पोस्टाने गेलेलं, मग ते पोचलं असं कायदाच गृहीत धरतो आणि घ्यायला नकार म्हणजे मिळाल्यासारखंच, खोटं असेल तर त्यांनी दाखवावं. जज मॅडमनी पाकीट सगळ्यांसमोर फोडायला सांगितलं. क्लार्कने कडेने कापलं, आत वहीचा एकच कागद. "कुलूप बदललं असं शेजारच्या काकूंकडून कळलं. नवीन किल्ली काकूंकडे ठेवा, मी रविवारी येते. भांडायला नाही, राहायला येतेय."

मॅडमनी ते मोठ्याने वाचलं, पुरावा म्हणून त्यावर निशाणी पडली, आणि कुलूप कधी बदललं असं स्वतःच विचारलं. साहेब आधी म्हणाले आठवत नाही, मग म्हणाले ती गेली त्याच आठवड्यात, चोऱ्या होतात म्हणून.

निकालात परित्याग सिद्ध धरला. क्रूरतेच्या प्रसंगांपैकी बरेचसे मोघम म्हणून बाजूला काढले, आणि मला विचाराल तर ते योग्यच होतं. निकालाच्या दिवशी बाईंच्या आईने मला जिन्यात गाठून विचारलं की आता स्थळं बघायला हरकत नाही ना. म्हटलं काकू बघा खुशाल, पण अपिलाची मुदत जाईपर्यंत मुहूर्त काढू नका.