जोडे मागायला आलेला पेतार

पूर्व युरोपातल्या सोळा दिवसांच्या प्रवासापैकी पंधरा दिवसांबद्दल मी येथे काही लिहिणार नाही, कारण बुडापेस्टच्या पुलांवर आणि बेलग्रेडच्या किल्ल्यावर मराठीत पुरेसे लिहून झाले आहे. सांगायची आहे ती सर्बियातल्या किसिल्येवो या गावातली एक दुपार. मात्र त्या दुपारचे कारण कळावे म्हणून आधी रोमानियातल्या ब्रानच्या किल्ल्याबाहेर मी काढलेल्या दीड तासाच्या रांगेचा उल्लेख करणे भाग आहे.

ब्रानचा किल्ला जगभर ड्रॅक्युलाचा म्हणून ओळखला जातो. ज्या ब्रॅम स्टोकरने 1897 साली ड्रॅक्युलाची कादंबरी प्रसिद्ध केली, तो रोमानियात कधी गेलेला नव्हता, आणि ज्या राजाचे टोपणनाव त्याने उचलले, त्या पंधराव्या शतकातल्या वालाखियाच्या व्लादचे घर काही ब्रानला नव्हते. शत्रूंना सुळावर चढवणाऱ्या त्या राजाच्या नावाने किल्ल्याच्या पायथ्याशी प्लॅस्टिकचे सुळे विकले जात होते. अरुंद जिन्यांवरून पुढच्या माणसाच्या पाठपिशवीकडे बघत किल्ला चढलो आणि तसाच उतरलो. भीती वाटली ती फक्त चेंगराचेंगरीची. तेव्हाच ठरवले की व्हॅम्पायर, म्हणजे थडग्यातून उठून रक्त पिणारा मृत, बघायचाच असेल, तर तो ज्या गावच्या सरकारी कागदात सापडतो त्या गावी जायचे.

ते गाव किसिल्येवो. बेलग्रेडहून बसने पोझारेवात्स आणि तिथून टॅक्सीने वेलिको ग्रादिश्तेच्या अलीकडे, डॅन्यूबच्या एका जुन्या फाट्याच्या काठी. या फाट्याला 'चंदेरी सरोवर' म्हणतात आणि उन्हाळ्यात तेथे सहलीला गर्दी होते. एक भारतीय माणूस पोहायला नव्हे तर दफनभूमी बघायला आला आहे, हे टॅक्सीचालकाला पटेना, आणि त्याने मला दोनदा सरोवराच्या काठीच नेऊन उभे केले. शेवटी माझ्याबरोबर दुभाषा म्हणून आलेल्या बेलग्रेडच्या विद्यार्थ्याने आवाज चढवला, तेव्हा गाडी गावाकडे वळली.

1718 साली याच पोझारेवात्समध्ये तह झाला आणि उत्तर सर्बिया तुर्कांकडून ऑस्ट्रियाच्या सम्राटाकडे गेला. त्यामुळे खेड्यातल्या मरणाची दखल घ्यायला जर्मन लिहिणारा अधिकारी आला, आणि आपल्याला ही कथा मिळाली. 1725 साली किसिल्येवोतला पेतार ब्लागोयेविच हा शेतकरी वारला. दहा आठवड्यांनंतर आठ दिवसांत गावातली नऊ माणसे, प्रत्येक जण जेमतेम एक दिवस आजारी पडून, मेली. मरण्यापूर्वी त्यांनी सांगितले की पेतार झोपेत येऊन आमच्या छातीवर बसतो आणि गळा दाबतो. गावकऱ्यांनी फ्रॉमबाल्ड या अधिकाऱ्याकडे थडगे उकरण्याची परवानगी मागितली. त्याने वरिष्ठांना विचारतो म्हटले, तेव्हा गावकरी म्हणाले की तुमचे उत्तर येईपर्यंत गाव संपेल. तुर्कांच्या काळात एक गाव असेच संपले आहे. परवानगी नसेल तर आम्हीच गाव सोडतो.

फ्रॉमबाल्ड धर्मगुरूला घेऊन गेला आणि जे पाहिले ते त्याने नीट लिहून ठेवले: प्रेताला दुर्गंधी नाही, केस, दाढी आणि नखे वाढलेली, जुनी कातडी सोलून खाली नवी आलेली, तोंडात ताजे रक्त. गावकऱ्यांनी अणकुचीदार खुंटा हृदयातून आरपार ठोकला, कानातोंडातून रक्त वाहिले आणि मग प्रेत जाळून राख केली. प्रेताच्या आणखी काही 'रानटी खुणा' आपण आदरापोटी लिहीत नाही, असेही तो म्हणतो, आणि त्याबद्दल मी त्याचा ऋणी आहे. आज शवागारात काम करणारा कोणीही माणूस यातली प्रत्येक खूण उलगडून सांगेल. शरीर आतल्या वायूने फुगते, तोच वायू लालसर द्रव तोंडापर्यंत ढकलतो, वरची कातडी सुटते आणि बोटांची त्वचा आक्रसल्यामुळे नखे वाढल्यासारखी दिसतात. साथीचे कारण ठाऊक नसलेल्या गावाने साथीच्या आधी मेलेल्या माणसाला धरले, यात मला मूर्खपणापेक्षा घाबरलेल्या माणसांचा हिशेब दिसतो. अहवालाचा शेवट तर कोणत्याही कचेरीत शोभेल असा आहे: यात काही चूक झाली असल्यास ती माझी नसून भीतीने भान हरपलेल्या जमावाची आहे.

हा मजकूर 21 जुलै 1725 रोजी व्हिएन्नाच्या वृत्तपत्रात छापला गेला आणि 'वँपिरी' हा शब्द छापील जर्मनमध्ये आला. 1732 साली मेद्वेजा या दुसऱ्या सर्बियन गावातून फ्ल्यूकिंगर या लष्करी शल्यवैद्याचा अहवाल आला आणि युरोपभर या विषयाचे पेव फुटले. अखेर 1755 मध्ये सम्राज्ञी मारिया तेरेझाने आपला वैद्य फान स्वीटेन याच्या सल्ल्यावरून प्रेते उकरण्यावर बंदी घातली. बंदी काही नवी नव्हती. 1349 च्या सर्बियन कायद्यातच, प्रेत उकरून जाळणाऱ्या गावाला दंड आणि त्यात सामील झालेल्या धर्मगुरूला पदच्युती सांगितली आहे.

गावात शिरताना दुभाष्याने मला एक गोष्ट बजावली होती. व्हॅम्पायर आणि माणसाचा लांडगा होणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत असे मी धरून चाललो होतो. सर्बियात ती गल्लत ठरते. तिथला जुना शब्द 'वुकोद्लाक', म्हणजे लांडग्याच्या केसांचा. 'वूक' म्हणजे लांडगा, आपल्या संस्कृतातल्या 'वृक'चा सख्खा भाऊ. भीमाच्या 'वृकोदर' या नावात तोच बसला आहे. पण 1818 च्या वुक काराजिचच्या शब्दकोशात वुकोद्लाक हा मेल्यानंतर चाळीस दिवसांनी ज्याच्या अंगात सैतानी आत्मा शिरतो, असा मृत माणूस आहे. त्याहून जुन्या, 1262 सालच्या एका धार्मिक हस्तलिखितात तर ग्रहण लागले की वुकोद्लाकांनी चंद्र खाल्ला असे गावकरी म्हणतात, अशी तक्रार आहे. आपल्या राहूला हा भाऊबंद कोणी दाखवला असता तर तोही चकित झाला असता. (या कोशकाराच्या नावातलाही वूक लांडगाच. त्याच्या आधीची भावंडे जगली नाहीत, म्हणून चेटकिणींनी याला खाऊ नये यासाठी हे नाव ठेवले होते. आपल्याकडे दगडू आणि धोंडू ठेवतात तसे.)

पेतारचे थडगे असण्याचा प्रश्नच नव्हता, तरी आम्ही दफनभूमीत गेलो. काळ्या ग्रॅनाइटवर मृतांचे चेहरे कोरलेले होते आणि कित्येक थडग्यांशेजारी जेवायला बसण्यासाठी टेबल आणि बाक होते. एका बाकावर ऐंशीच्या घरातल्या एक बाई पातळ पिवळ्या मेणबत्त्या लावत होत्या. दुभाष्याने त्यांना "बाबा" म्हणून हाक मारली आणि मी दचकलो. सर्बियनमध्ये बाबा म्हणजे आजी. पुण्यातल्या घरी बाबा म्हणून हाक मारायला आता कोणी उरलेले नाही, हे मला त्या क्षणी नको तितके लख्ख आठवले.

आजींनी आधी वैतागूनच विचारले, "हाही पेतारसाठीच आला का?" गावात तीनशे वर्षांत दुसरे कोणी मेलेच नाही की काय, असा त्यांचा सवाल होता. मग त्यांनी डब्यातून साखर आणि अक्रोड घालून शिजवलेले गहू पुढे केले, नवऱ्याच्या नावाने. आपल्या गव्हाच्या खिरीची कोरडी बहीणच. सोबत राकिया, म्हणजे फळांपासून काढलेली दारू, होती. तिचा पहिला घोट त्यांनी जमिनीवर सांडला. नकार द्यायची सोय नव्हती. पाहुणचाराच्या बाबतीत हा देश हट्टी आहे, आणि मोकळ्या पोटी राकिया प्यायल्याचा पश्चात्ताप मला परतीच्या बसमध्ये पुरेसा झाला.

पेतारबद्दल त्या एवढेच बोलल्या की त्याची बायको शहाणी नव्हती. फ्रॉमबाल्डच्या अहवालात एक ओळ आहे: पेतार मेल्यावर रात्री घरी आला आणि त्याने बायकोकडे आपले जोडे मागितले, म्हणून ती गाव सोडून निघून गेली. जोडे म्हणजे 'ओपानाक', पुढून वर वळलेले चामड्याचे. तिने ते दिले की नाही, हे फ्रॉमबाल्ड लिहीत नाही. आजींच्या मते सगळा घोळ तिथेच झाला. त्यांनी स्वतः चाळिसाव्या दिवशी नवऱ्याचे कपडे आणि बूट त्याच्याच वयाच्या शेजाऱ्याला दिले होते.

मग मी त्यांना वेंगुर्ल्याजवळच्या आरवलीच्या वेतोबाबद्दल, म्हणजे तिथे ग्रामदैवत असलेल्या वेताळाबद्दल, सांगितले. तो रात्री गावाच्या रक्षणासाठी फिरतो, फिरून त्याच्या चपला झिजतात अशी श्रद्धा आहे, आणि म्हणून लोक त्याला चामड्याच्या भल्यामोठ्या नव्या चपला वाहतात. वेताळाच्या गोष्टी 1870 साली इंग्रजीत नेताना रिचर्ड बर्टनने या वेताळालाच व्हॅम्पायर करून टाकले, हे मी सांगितले नाही. आजी बर्टनवर चिडल्या असत्या. त्या मान हलवून म्हणाल्या, "देऊन टाकले की झाले." आणि लगेच विचारले, "तुझ्या वडिलांना दिले होतेस ना?"

बाबांच्या तेराव्याला गुरुजींनी यादीत छत्री, काठी आणि जोडे लिहिले होते. या गोष्टींवर माझा विश्वास नाही हे दाखवण्याची घाई मला इतकी होती की कोपऱ्यावरच्या दुकानातून हाताला लागली ती सात नंबरची रबरी चप्पल मी आणली. बाबांचा पाय नऊ नंबरचा होता. हे मी आजवर घरातही कोणाला सांगितलेले नाही.

दुभाष्याने ते भाषांतर करून सांगितले. आजींना सात आणि नऊ हे आकडे समजेनात, कारण त्यांच्याकडे बुटांचे माप चाळिशीत मोजतात. तो मुलगा फोनवर तक्ता शोधत राहिला, शेवटी त्रेचाळीस म्हणाला, आणि आजींनी हातातली मेणबत्ती खाली ठेवून दोन्ही तळव्यांमध्ये तेवढे अंतर धरून मला दाखवले.