केस

खानापूर तालुक्यातल्या एका हायस्कूलमध्ये मी बावीस वर्षं चित्रकला शिकवतोय. चित्रकलेचा मास्तर म्हणजे फळ्यावर सुविचार लिहिणारा आणि गॅदरिंगचा पडदा रंगवणारा माणूस. एलिमेंटरी-इंटरमिजिएट जवळ आली की मात्र त्याला थोडा भाव येतो, कारण या परीक्षेचे दहावीला जादा गुण मिळतात. तेवढे दोन महिने पालकसुद्धा रस्त्यात थांबून नमस्कार करतात.

त्या शनिवारी सकाळची शाळा होती. परीक्षेला तीन आठवडे उरलेले, आणि मी आठवीच्या पोरांकडून संकल्पचित्र करून घेत होतो. पोस्टर कलरची बारीक आउटलाइन नायलॉनच्या स्वस्त ब्रशनं नीट येत नाही, टोक फाटतं. म्हणून दरवर्षीप्रमाणे मी माझ्या ठेवणीतले ब्रश वाटले. पाण्यातून काढून एक झटका दिला की टोक सुईसारखं व्हायचं. दाबलं तर वाकायचं, सोडलं की परत सरळ. एका दुकानातून मी ते वर्षानुवर्षं घेत होतो. दुकानदार ते काउंटरखालून काढायचा, दांड्यावर कंपनीचं नाव नाही की नंबर नाही. हाताने केलेला माल असाच असतो, असं तो म्हणायचा आणि मला ते पटायचं. पटवून घ्यायचंच होतं म्हणा.

खिडकीजवळ एक मुलगी बसते. गावाबाहेरच्या माळावर पारध्यांची सात-आठ घरं आहेत, तिथली. वर्गात फारसं बोलत नाही, पण हात असा की मी कधीकधी तिचा कागद घरी नेऊन बघतो. तिनं ब्रश रंगात बुडवलाच नाही. गालावर फिरवला, उजेडात धरून केस विंचरल्यासारखे फाकवले आणि म्हणाली, "सर, हे मुंगसाचं हाय."

वर्ग फुटला. मागच्या बाकावरून लगेच सुरू झालं, "मुंगसा मुंगसा तोंड दाखव, तुला रामाची शपथ!" मी टेबलावर डस्टर आपटलं आणि विचारलं, "कशावरून?"

"बुडाला तपकिरी, मधी पांढरट, टोकाला काळं. आज्यानं दावलंय."

मी म्हणालो, "असं काही नसतं. कॅमल हेअर म्हणतात त्यात तरी उंटाचा केस कुठे असतो?" वर्ग हसला, ती खाली बघून बसली. वाक्य खरं होतं, वापरलं मात्र चुकीच्या जागी.

तास संपल्यावर प्रयोगशाळेत जाऊन भिंगाखाली ब्रश धरला. तिन्ही रंग होते, तिनं सांगितलेल्या क्रमानं. एक केस उपटून काडी लावली. नायलॉन असता तर वितळून गोळी झाली असती. हा चुरचुरला आणि न्हाव्याच्या दुकानात यावा तसा वास आला. मग ऑफ तासाला मोबाईल घेऊन बसलो. एका मुंगसापासून ब्रशच्या कामाचे केस मिळतात ते जेमतेम 20 ग्रॅम. किलोभर केसांसाठी किमान 50 मुंगसं मारावी लागतात. 1972 च्या वन्यजीव कायद्यानं ते बाळगणं, विकणं, नेणं-आणणं, सगळाच गुन्हा. उत्तर प्रदेशातलं शेरकोट हे या ब्रशधंद्याचं मोठं गाव. 2019 मध्ये वन्यजीव गुन्हे नियंत्रण ब्यूरोनं 'ऑपरेशन क्लीन आर्ट' नावानं बऱ्याच राज्यांत एकाच वेळी छापे घातले होते. त्या वर्षी मी काय करत होतो? पोरांना सांगत होतो, की ब्रशमध्ये काटकसर करू नका.

कपाटात मोजले तर एकतीस निघाले.

स्टाफरूममध्ये हे बोललो. चहा ओतता ओतता एक सहकारी म्हणाले, "मग तिनंच घरून आणून दिले असतील की तुम्हाला." मी म्हटलं, मी पैसे मोजून दुकानातून आणलेत. ते म्हणाले, "दुकानात तरी कुठून येणार? तिथनंच!" आणि बशी तोंडाला लावली.

मला खरंच जाणून घ्यायचं होतं. म्हणून मधल्या सुट्टीत त्या मुलीला म्हणालो, "आजोबांना जरा बोलावशील? काम आहे." एवढंच म्हणालो. कसलं काम ते सांगितलं नाही, ही चूक. ती धावत गेली.

तासाभरात म्हातारा आला. धोतर, वर धुतलेला शर्ट, वहाणा व्हरांड्याबाहेर काढलेल्या. हातात प्लास्टिकची पिशवी. खुर्ची दिली तर बसेना. पिशवी उघडून एकेक कागद टेबलावर ठेवायला लागला. नातीचं आधार, रेशनकार्ड, जातीचा दाखला, आणखी कसल्याशा घड्या जिरलेल्या झेरॉक्स. मला कळेना हे काय चाललंय. मी सहज म्हणालो, "आजोबा, मला केसांबद्दल विचारायचं होतं."

त्याचा हात थांबला. "माज्यावर आता येक बी केस न्हाई, गुर्जी. शेवटली व्हती ती कोर्टात सुटली. कागुद हाय." आणि तो कागद शोधू लागला.

नात दारात उभी होती. मला कुठे बघावं कळेना. 1871 च्या कायद्यानं इंग्रजांनी जन्मावरून माणसाला गुन्हेगार ठरवायला सुरुवात केली आणि 31 ऑगस्ट 1952 ला तो शिक्का निघाला, हे मी विमुक्त दिनाच्या फलकावर दोनदा छान अक्षरात लिहिलेलं आहे. तरी माणसाला शाळेत बोलावल्यावर तो कोर्टाचा कागद घेऊन येतो, हे मला माहीत नव्हतं.

मी घाईनं ब्रश पुढे केला. "हे केस, आजोबा. डोक्यावरचे असतात तसले."

त्याला समजायला थोडा वेळ लागला. मग तो खाली फरशीवर बसला, मीही बसलो. म्हणाला, आमचा फास घोड्याच्या शेपटीच्या केसाचा. तितराला, सशाला. "तारंचा फास लोकं आता लावत्यात, गाडीच्या क्लचची वायर. त्येनं जनावर कापतं. बिबट्या बी घावतो. आमच्या फासात अडाकतं, कापत न्हाई." मुंगूस? तेही धरलं, म्हणाला. लपवलं नाही. त्याच्या तरुणपणी बाहेरगावचा एक माणूस यायचा. मटण तुम्ही खा, केस मला द्या, म्हणायचा. पिशवीत भरून न्यायचा. "काय करतूस म्हनलं तर म्हनायचा, सायबांच्या दाढीच्या बुरशाला." पुढं धरपकड वाढली. तो माणूस यायचा बंद झाला, आत गेला तो म्हाताऱ्याचा भाऊ.

मग त्यानं ब्रश माझ्या हातातून घेतला. तळहातावर उलटसुलट फिरवला.

"म्हंजी हे व्हय ते?"

एवढी वर्षं केस दिले आणि त्यांचं काय होतं ते त्यानं आज पाहिलं. मी पाण्यात बुडवून झटका दिला, टोक केलं, कागदावर एक लांब रेघ ओढून दाखवली. त्यानं ती कौतुकानं पाहिली, मला वाटतं. निदान कौतुकासारखंच काहीतरी होतं. "केवढ्याला?"

"एकशे ऐंशी."

तो काही बोलला नाही. नातीकडे वळून त्यांच्या बोलीत काहीतरी म्हणाला, ती हसली. काय म्हणाला ते मी विचारलं नाही.

ब्रशांचं पुढं काय झालं ते सांगून टाकतो. सोमवारी वनखात्याकडे जमा केले. सोबत मी स्वतः सहीचं पत्र दिलं, की हे मी विकत घेतलेत, अमुक वर्षांत, अमुक दुकानातून. पत्र लिहायला रविवार अख्खा गेला. तीन मसुदे फाडले, कारण पहिल्या तिन्हींत 'अनवधानाने' हा शब्द दोन-दोनदा आला होता. चौकशी झाली, जबाब झाला. नोकरीला धक्का लागला नाही. त्या दुकानात मी परत गेलो नाही. पोरं आता नायलॉनचे वापरतात, आउटलाइन थोडी जाड येते, मार्क तेवढेच पडतात. औंधच्या संग्रहालयात सहल नेतो तेव्हा लघुचित्रांतल्या पापणीच्या रेघेपाशी पूर्वी मी पोरांना हात केवढा स्थिर ते सांगायचो. आता कोणीतरी हमखास विचारतं, "सर, ह्याचा ब्रश कशाचा?" खारीचा, असं सांगावं लागतं.

त्या शनिवारी म्हातारा निघताना चहा नको म्हणाला. कागद पिशवीत भरून झाले तरी उठेना. म्हटलं, "काय झालं?"

"आज हितं कशाला आलतो, तेवढं लिवून द्या, गुर्जी. वाटंत कुनी इचारलं तर दावाया."

मी शाळेच्या लेटरहेडवर लिहिलं, की यांना नातीच्या चित्रकला विषयासंदर्भात शाळेत बोलावले होते. क्लार्कनं विचारलं, याला जावक नंबर कशाला? मी म्हटलं, घाला. गोल शिक्का मारला, तारीख टाकली, वेळ टाकली. त्यानं नातीकडून ते एकदा वाचून घेतलं, शिक्क्याची शाई वाळेपर्यंत कागद हातात धरून उभा राहिला, मग चौघडी करून पिशवीत ठेवला, बाकीच्यांच्या वर.