एका स्क्रीनशॉटपायी अकरा दिवस

लेख दोन रात्रींत लिहून झाला होता. चित्रानं अकरा दिवस खाल्ले.

तिवसा तालुक्यातल्या आमच्या शाळेत मी पोरांना लिबरऑफिसवर टायपिंग शिकवतो. 2010 मध्ये ओपनऑफिसमधून फुटून निघालेलं हे फुकट सॉफ्टवेअर. त्याच्यावर ऑनलाइन ज्ञानकोशात मराठीत लेख टाकावा म्हटलं. नावावरून थोडी खटखट झाली. मी 'लिबरऑफिस' लिहिलं, एकजण 'लिब्रेऑफिस'वर अडला, तिसऱ्यानं 'मुक्त कार्यालय' सुचवलं. विशेषनामाचं भाषांतर करत नसतात, एवढं चर्चापानावर ठासून लिहिलं आणि 'लिब्रे'वाल्या रूपाचं पुनर्निर्देशन करून टाकलं, म्हणजे ते नाव शोधलं तरी याच लेखावर येईल. मिटलं.

मग स्क्रीनशॉट. मोझरी आम्हाला जवळ, म्हणून रायटरमध्ये, म्हणजे लिबरऑफिसच्या लिहायच्या प्रोग्राममध्ये, तुकडोजी महाराजांच्या दोन ओव्या टाईप केल्या, अख्खा पडदा टिपला आणि 'स्वतःचं काम' म्हणून चढवला. दुसऱ्या दिवशी वगळण्याची सूचना! बटण मी दाबलं, मग काम कोणाचं? तर म्हणे, दिसतं ते प्रोग्राम बनवणाऱ्यांचं. बरं, त्यांचा एमपीएल 2.0 हा मुक्त परवाना, म्हणजे कोणीही वापरावं अशी मुभा, लावला. तरी नाही. खाली विंडोजची पट्टी दिसते, ती मुक्त नाही. लाइन गेलेली, मोबाइलच्या नेटवर रात्री साडेअकराला पट्टी कापून पुन्हा चढवलं, तर गाडी ओव्यांवर अडली. महाराज 1968 मध्ये गेले. आपल्या कायद्यात लेखकामागे 60 वर्षं कॉपीराइटचा हक्क राहतो, म्हणजे 2028 सरेपर्यंत थांबा. ज्या ओव्या गावात पोरंसोरं तोंडपाठ म्हणतात, त्या!

नियम खोटा नव्हता, हे आता कबूल करतो. पण पट्टी आणि ओव्या एकाच चित्रात होत्या की. पहिल्याच दिवशी दोन्ही सांगायला काय झालं होतं? खिडकीवरचा बाबू एकेक कागद आठवून मागतो, तसं चाललेलं.

"काहून जीव जाळून राह्यले सर? फोटोबिगर लेख वाचता येत नाही का?" सोबतचे गुरुजी म्हणाले. येतो. पण आता इरेला पेटलो होतो.

शेवटी तुकाराम महाराजांचा अभंग टाईप केला. साडेतीनशेहून जास्त वर्षं झाली, हक्क सांगणारं कोणी उरलं नाही. ऑल्ट धरून प्रिंटस्क्रीन दाबलं की फक्त चालू खिडकीच टिपली जाते, हे तेव्हा कळलं. तरी वरची विंडोजची चौकट कापाच. आणि हो, इंग्रजी लेखातलं चित्र दिसलं म्हणून आपल्याला चालेलच असं धरू नका. तिथं काही चित्रं मुक्त नसूनही 'उचित वापर' या सवलतीखाली फक्त इंग्रजी आवृत्तीपुरती ठेवलेली असतात.

चित्र लागलं. लावल्यावर पाहतो तर अभंगात एक वेलांटी चुकलेली. राहू द्या आता.